एल्सी रँडॉल्फची कारकीर्द चित्रपटसूचीत का मावत नाही

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. १९३३ सालचा ‘दॅट्स अ गुड गर्ल’ हा ब्रिटिश संगीत-बोलपट आपण पाहिला. त्यात जॅक बुकॅनन या गायक-नर्तक नटाच्या बरोबरीने नाचणारी, गाणारी आणि हसवणारी एल्सी रँडॉल्फ आपल्याला आवडली, म्हणून आपण तिची चित्रपटसूची शोधली. तीत जेमतेम डझनभर नावे निघाली, त्यांतली बहुतेक १९३१ ते १९३७ या काळातली, आणि पुढे एकदम १९७२ साली दिग्दर्शक हिचकॉकच्या ‘फ्रेन्झी’मध्ये हॉटेलच्या स्वागतिकेची छोटीशी भूमिका. ही एका अपयशी नटीची कहाणी समजायची का, आणि तिच्यावर लेख लिहायचा झाल्यास मधली पस्तीस वर्षे कशी भरायची, असे आपण विचारले आहे.

जुन्या बोलपटांच्या सूची तयार करणे आणि त्यांतील कलावंतांच्या नोंदी पडताळून पाहणे हे माझे काम आहे, आणि १९३० च्या दशकातील ब्रिटिश संगीत-बोलपट हा त्यातला माझ्या विशेष जिव्हाळ्याचा भाग. त्या अनुभवावरून सांगते, की एल्सी यशस्वी झाली की अपयशी, हा मुळात पुढचा प्रश्न आहे. आपण कोणती नोंदवही मुख्य मानून तिच्याकडे पाहतो, हे आधी ठरवावे लागते. नुसती चित्रपटसूची हातात घेतली, तर ती सहा-सात वर्षे पडद्यावर दिसून विरून गेलेली दुय्यम नटी वाटते. तिच्या शेजारी लंडनच्या रंगभूमीच्या नोंदी ठेवल्या, की तीच एल्सी १९२० च्या दशकापासून १९४३ पर्यंत वेस्ट एंडमधल्या, म्हणजे लंडनच्या मुख्य नाट्यगृहांच्या भागातल्या, एका अत्यंत लोकप्रिय नृत्यजोडीची अर्धी बाजू सांभाळताना दिसते, आणि चित्रपट हे त्या मुख्य कामाला जोडून आलेले काम ठरते.

हे उत्तर त्या काळातल्या प्रत्येक नटीला जसेच्या तसे लागू पडत नाही, हे आधीच सांगितले पाहिजे. जेसी मॅथ्यूजचे उदाहरण नेमके उलटे आहे. १९३० साली अडेल्फी थिएटरमध्ये गाजलेल्या ‘एव्हर ग्रीन’ या संगीतिकेवरून १९३४ साली व्हिक्टर सॅव्हिलने बोलपट काढला, त्यात जेसीने आपली रंगमंचावरची भूमिका पडद्यावर नेली, आणि तिथून पुढे काही वर्षे चित्रपट हेच तिचे मुख्य क्षेत्र राहिले. रेनाटे म्यूलर ‘सनशाइन सूझी’ या १९३१ च्या बोलपटामुळे इंग्लंडभर पोचली. पण ती मूळची जर्मन पडद्यावरची नटी होती, आणि तो बोलपटही एका जर्मन बोलपटाची इंग्रजी आवृत्ती होता. म्हणजे एखादीची कारकीर्द वाचायला बसताना तिचा मुख्य व्यवसाय कोणता होता, तिची संध्याकाळ कुठे जात होती, हे आधी शोधावे लागते. एल्सीची संध्याकाळ रंगमंचावर जात होती.

तिची सुरुवात संगीतिकांमधल्या समूहनर्तिकेची. बुकॅननबरोबर तिचे नाव जोडले जाऊ लागले ते १९२० च्या दशकाच्या पूर्वार्धात, आणि पुढे ‘टोनी’, ‘बूडल’, ‘सनी’ अशा संगीतिकांमधून ही जोडी प्रेक्षकांच्या परिचयाची झाली. यांपैकी ‘सनी’कडे विशेष लक्ष द्या. जेरोम कर्नचे संगीत असलेली ही संगीतिका १९२६ साली लंडन हिप्पोड्रोममध्ये आली, तेव्हा तिची नायिका बिनी हेल होती, एल्सी नव्हती. एल्सीच्या पुढच्या सगळ्या वाटचालीचा साचा इथेच दिसतो. कथेतले प्रेम एका नटीच्या वाट्याला आणि नृत्यातली, विनोदातली जोडी दुसरीच्या वाट्याला, अशी विभागणी त्या काळच्या ब्रिटिश संगीतिकेत सर्रास होत असे, आणि एल्सी बहुधा दुसऱ्या बाजूला असे. नाटक सुटल्यावर प्रेक्षक गुणगुणत बाहेर पडत ते मात्र बऱ्याचदा या दुसऱ्या जोडीचेच गाणे.

१९२८ साली हिप्पोड्रोममध्येच ‘दॅट्स अ गुड गर्ल’ आले. आपण पाहिलेल्या बोलपटाचे हे मूळ. त्यात एल्सीने जॉय डीन नावाच्या स्त्री-गुप्तहेराची भूमिका केली, आणि ‘फॅन्सी अवर मीटिंग’ हे या दोघांचे सर्वांत ओळखीचे द्वंद्वगीत ठरले. या गाण्याची घडण समजली, की एल्सीचे कसब कशात होते हे कळते. दोन ओळखीची माणसे अचानक समोरासमोर येतात आणि अत्यंत औपचारिक, सभ्य शब्दांत एकमेकांची विचारपूस करतात, एवढाच त्याचा गाभा आहे. भावना सगळी दाबून ठेवायची, आणि जे बोलायचे नाही ते पावलांनी बोलायचे. बुकॅनन उंच, सैल अंगाचा, जणू सहज फिरायला निघाला आहे अशा आळसावलेल्या चालीने नाचणारा. त्याच्या शेजारी नाचणारीने तेवढेच सैल राहिले तर नृत्य विस्कटते आणि फार काटेकोर राहिले तर ते कवायतीसारखे दिसते. एल्सी त्याच्यापेक्षा थोडी अधिक चटपटीत आणि टोकदार राहते. तिच्या पावलात नेमकेपणा असतो, म्हणून त्याचा आळस डौलदार दिसतो. जोडीतल्या दुसऱ्या कलावंताचे काम हेच असते, आणि चित्रपटसूचीत त्याची नोंद होण्याची काहीच सोय नसते.

आता बोलपटांकडे वळू. ब्रिटनमध्ये १९२९ साली हिचकॉकच्या ‘ब्लॅकमेल’ने पूर्ण लांबीच्या बोलपटाचा पाया घातला, आणि १९३० मध्ये लगेचच ‘एल्स्ट्री कॉलिंग’सारखे बोलपट आले, ज्यांत रंगमंचावरच्या आणि व्हरायटी थिएटरमधल्या (गाणी, नाच, विनोद असे सुटे कार्यक्रम करणाऱ्या) कलावंतांना एकामागून एक कॅमेऱ्यासमोर उभे केले होते. त्यामागे तांत्रिक कारण होते तसे कायदेशीरही होते. १९२७ च्या सिनेमॅटोग्राफ फिल्म्स अॅक्टने वितरकांना आणि थिएटरमालकांना ठरावीक प्रमाणात ब्रिटिश चित्रपट घेणे बंधनकारक केले. हे प्रमाण सुरुवातीला वितरकांसाठी साडेसात टक्के आणि थिएटरांसाठी पाच टक्के होते, आणि १९३६ पर्यंत ते वीस टक्क्यांवर जायचे होते. म्हणजे चित्रपट तर हवेच होते, आणि ते बोलके, गाते हवे होते. मूकपटांतल्या सगळ्याच नट्यांचा आवाज चालेल याची खात्री नव्हती. ‘ब्लॅकमेल’मध्येच आनी ओंड्रा या नायिकेचे इंग्रजी उच्चार परके वाटतात म्हणून जोन बॅरी हिने चौकटीबाहेर मायक्रोफोनपाशी उभे राहून तिचे संवाद बोलले होते आणि आनीने फक्त ओठ हलवले होते. अशा परिस्थितीत हजार-दीड हजार प्रेक्षकांच्या थिएटरात मागच्या रांगेपर्यंत शब्द पोचवणारी, ताल पक्का असलेली आणि विनोदाची वेळ अचूक साधणारी संगीतिकेतली मंडळी स्टुडिओंना हवीहवीशी वाटली, यात नवल नव्हते.

लंडनच्या भूगोलाचाही यात मोठा वाटा आहे. हॉलिवूडला जायचे तर ब्रॉडवेच्या नटीला देश ओलांडून जावे लागे आणि रंगमंच मागे सोडावा लागे. एल्स्ट्रीचे स्टुडिओ मात्र वेस्ट एंडपासून वीस-बावीस किलोमीटरांवर होते. दिवसा चित्रीकरण करून संध्याकाळच्या प्रयोगाला थिएटरात हजर होणे शक्य होते आणि अनेक जण ते करीत. आठवड्याला आठ प्रयोग, त्यांतले दोन दुपारचे, म्हणजे त्या दोन दिवशी स्टुडिओला अर्धा दिवसही नीट मिळत नसे. यामुळे ब्रिटिश संगीत-बोलपटांत रंगमंचावरून आलेले कलावंत पुष्कळ दिसतात. पण त्यांच्यापैकी बहुतेकांना रंगमंच सोडून पूर्णवेळ चित्रपटतारा होण्याची गरजच पडत नसे. एल्सीच्या चित्रपटांची संख्या कमी असण्याचे पहिले कारण मी हेच मानते. तिच्या रंगमंचावरच्या संगीतिका आणि चित्रपट यांच्या तारखा शेजारीशेजारी लिहून काढा. १९३१ मध्ये हिप्पोड्रोमला ‘स्टँड अप अँड सिंग’ आहे, १९३४ मध्ये तिथेच ‘मिस्टर व्हिटिंग्टन’ आहे, आणि तिच्या चित्रपटांची दाटी पडते ती नेमकी या दोहोंच्या मधल्या काळात.

तिच्या पहिल्या लक्षणीय चित्रपटात गाणे-नाचणे जवळजवळ नाहीच, ही बाब आपल्या लेखात अवश्य यावी. हिचकॉकच्या ‘रिच अँड स्ट्रेंज’मध्ये अचानक पैसा हाती आलेले एक मध्यमवर्गीय जोडपे पूर्वेकडच्या समुद्रसफरीला निघते. ते जोडपे हेन्री केंडल आणि मघाशी उल्लेखलेली जोन बॅरी यांनी साकारले आहे. एल्सी त्यात जहाजावरची चष्मेवाली, कंटाळवाणी, सगळ्यांच्या गळी पडणारी प्रौढ कुमारिका झाली आहे. त्या वेळी ती वेस्ट एंडमध्ये देखण्या पोशाखात नाचत होती, आणि पडद्यावर तिने स्वतःला ओळखू येणार नाही इतके अनाकर्षक होऊ दिले. नायिका होण्याची धडपड करणारी नटी अशी भूमिका सहसा घेत नाही. चेहरा बदलणे, वेश बदलणे, सोंग घेणे यातच तिला खरा आनंद वाटत होता, असे तिचे काम पाहून माझे मत झाले आहे, आणि ‘दॅट्स अ गुड गर्ल’मधली गुप्तहेर याच गुणावर उभी आहे.

त्यानंतरच्या दोन वर्षांतले सगळे चित्रपट सारख्या मोलाचे नाहीत. १९३२ चा ‘ब्रदर आल्फ्रेड’ हा वुडहाउसच्या नाटकावरचा बोलपट, त्याच वर्षीचा ‘लाइफ गोज ऑन’ आणि १९३३ चा ‘नाइट ऑफ द गार्टर’ यांची नोंद घेऊन पुढे गेलात तरी चालेल. थांबायचे ते १९३३ च्या दोन चित्रपटांपाशी, कारण त्यांत ती बुकॅननबरोबर आहे आणि दोन्ही निर्माता-दिग्दर्शक हर्बर्ट विल्कॉक्सच्या ब्रिटिश अँड डोमिनियन्स या कंपनीचे आहेत.

त्यातला ‘यस, मिस्टर ब्राउन’ हा एका जर्मन नाटकावर बेतलेला. व्हिएन्नामधल्या एका अमेरिकन खेळणी-कंपनीच्या व्यवस्थापकाचा साहेब भेटीला यायचा असतो, नेमकी त्याच वेळी व्यवस्थापकाची बायको रुसून निघून जाते, आणि साहेबापुढे संसार सुखाचा दिसावा म्हणून त्याची सेक्रेटरी बायकोचे सोंग घेते. खरी बायको मार्गोट ग्रॅहम आहे आणि सेक्रेटरी एल्सी. ही योजना जरा न्याहाळून पाहा. देखणेपणाची, रुसव्याची, मोहाची बाजू एका नटीकडे गेली आहे. प्रसंग सावरण्याची, वेळ मारून नेण्याची आणि साहेबाला गुंगवून ठेवण्याची जबाबदारी दुसरीकडे आहे. चित्रपटाची गती सगळी या दुसरीच्या हातात आहे, तरी गोष्ट मात्र बायकोची म्हणूनच सुरू होते. ‘सनी’पासून चालत आलेला साचा इथे पडद्यावर आला आहे.

‘दॅट्स अ गुड गर्ल’ मध्ये दिग्दर्शन स्वतः बुकॅननचे आहे. रंगमंचावर पाच वर्षांपूर्वी जी भूमिका केली तीच एल्सीने इथे केली, त्यामुळे हा चित्रपट तिच्या रंगभूमीवरच्या कामाचा सर्वांत जवळचा पुरावा म्हणून आपल्याला वापरता येतो. मात्र थोडे जपून. थिएटरमधला प्रेक्षक हसायला लागला की नट थांबतो, हशा ओसरू देतो आणि मग पुढचे वाक्य टाकतो. स्टुडिओत प्रेक्षक नसतो. रंगमंचावरून आलेल्या विनोदी कलावंतांच्या त्या काळातल्या बोलपटांत काही वाक्यांनंतर एक रिकामी पोकळी जाणवते किंवा उलट वाक्ये एकमेकांवर आदळतात, ती यामुळे. एल्सीचा एखादा विनोद पडद्यावर फसलेला वाटला, तर तो थिएटरात फसला असेल असे गृहीत धरू नका. तिचे नृत्य मात्र या अडचणीतून सुटते, कारण ताल वाद्यवृंदाचा असतो, प्रेक्षकांचा नव्हे.

मग ती चित्रपटतारा का झाली नाही? याचे उत्तर शोधताना अॅना नीगल या नटीची कारकीर्द शेजारी ठेवावी लागते. १९३१ च्या ‘स्टँड अप अँड सिंग’मध्ये बुकॅनन, एल्सी आणि अॅना ही तिघेही होती. विल्कॉक्सला बुकॅननच्या नव्या बोलपटासाठी नायिका हवी होती, आणि त्याने त्या संगीतिकेतून निवड केली ती अॅनाची. ‘गुडनाइट व्हिएन्ना’ हा बोलपट १९३२ मध्ये आला. तो मुळात बीबीसीवर प्रसारित झालेल्या संगीतिकेवरून घेतला होता, म्हणजे रंगमंचावर बसलेल्या जोडीचे त्याला बंधन नव्हते. अॅनाकडे तेव्हा एल्सीइतका अनुभव नव्हता. पण कॅमेरा जवळ नेला तरी टिकेल असा शांत, सोज्वळ चेहरा होता, आणि पुढे विल्कॉक्सने चित्रपटामागून चित्रपट तिच्याभोवती रचले. एल्सीला असा एकही निर्माता लाभला नाही, ज्याने तिला केंद्रस्थानी ठेवून कथा लिहून घेतली. माझ्या मते तिच्या चित्रपट-कारकिर्दीतली सर्वांत मोठी उणीव ही आहे, आणि ती तिच्या गुणांमधली उणीव नाही.

दुसरे कारण बाजारपेठेचे. ब्रिटिश निर्मात्यांना अमेरिकेत चित्रपट विकायचे होते, आणि त्यासाठी तिथल्या प्रेक्षकांना ओळखीचा चेहरा हवा होता. बुकॅननच्या पुढच्या नायिका पाहा. १९३५ च्या ‘ब्रूस्टर्स मिलियन्स’मध्ये लिली दमिता आहे. ‘कम आउट ऑफ द पँट्री’ आणि ‘व्हेन नाइट्स वेअर बोल्ड’ या दोन चित्रपटांत फे रे आहे, जी दोन-तीन वर्षांपूर्वीच ‘किंग काँग’मुळे जगभर पोचली होती. या चित्रपटांत एल्सीचे नाव नाही, याचा अर्थ ती जोडी तुटली होती असा काढू नका. रंगमंचावर ती शाबूत होती.

याचा पुरावा १९३६ मध्ये मिळतो. ‘दिसल मेक यू व्हिसल’ ही संगीतिका पॅलेस थिएटरमध्ये आली, आणि त्याच वर्षी विल्कॉक्सने तिचा बोलपटही काढला. एल्सी दोन्हींत आहे. ‘आय अॅम इन अ डान्सिंग मूड’ हे गाणे याच संगीतिकेतले. बोलपटात प्रेमाची नायिका जीन गिली आहे, एल्सी बॉबी रिव्हर्स या मैत्रिणीच्या भूमिकेत आहे, आणि नृत्याची बाजू पुन्हा तिच्याकडे आहे. म्हणजे दहा वर्षांनंतरही तिची जागा तीच राहिली. बढती मिळाली नाही असे याकडे पाहता येते. मी मात्र असे पाहते, की वेस्ट एंडमध्ये एकाच जागेवर दहा वर्षे प्रेक्षकांची पहिली पसंती टिकवणे हे अनेक नायिकांना जमले नाही.

यानंतरचा ‘स्मॅश अँड ग्रॅब’ हा १९३७ चा चित्रपट आपल्या लेखासाठी सर्वांत बोलका ठरेल. बुकॅननच्याच निर्मितीचा हा विनोदी गुन्हेपट टिम व्हेलनने दिग्दर्शित केला. त्यात बुकॅनन जॉन फॉरेस्ट हा विमा कंपनीचा गुप्तहेर आहे आणि एल्सी त्याची जोडीदार अॅलिस. इथे पहिल्यांदाच तिला साचा मोडायची संधी मिळाली. नर्म विनोद करत एकत्र तपास करणाऱ्या या दोघांत नायिका वेगळी आणि विनोदी जोडीदारीण वेगळी अशी फाळणी नाही. या पात्रांना पुढे आणखी एक चित्रपट मिळाला, १९३९ चा ‘द गँग्ज ऑल हिअर’. त्यात जॉन फॉरेस्ट बुकॅननच आहे, पण अॅलिस झाली आहे गूगी विदर्स. ही बदली जुन्या जाहिरातींत शेजारीशेजारी पाहताना मला दर वेळी वाईट वाटते. एल्सीने घडवलेले पात्र तिच्याशिवाय पुढे गेले, आणि पडद्यावर नायिका म्हणून तिला मिळालेली वाट तिथेच संपली.

१९३७ नंतरच्या पोकळीचा सगळा भार मात्र तिच्यावर टाकू नये. १९३६ मध्ये ब्रिटनमध्ये कर्जाच्या पैशांवर बेसुमार चित्रपट काढले गेले, ते पैसे परत आले नाहीत, आणि १९३७ मध्ये स्टुडिओ ओस पडू लागले. १९३८ च्या नव्या कायद्याने कोट्यात धरल्या जाणाऱ्या चित्रपटांना किमान खर्चाची अट घातली, त्यामुळे स्वस्तातले चित्रपटही घटले. पाठोपाठ युद्ध आले आणि पाइनवूडसारखे स्टुडिओ सरकारी कामासाठी घेतले गेले. हलक्याफुलक्या, रंगमंचावरून उचललेल्या संगीत-बोलपटांची लाट या सगळ्यात ओसरली. जेसी मॅथ्यूजसारख्या मोठ्या तारकेची चित्रपट-कारकीर्दही याच सुमारास मंदावली, हे ध्यानात घेतले की एल्सीचे प्रकरण एकटे पडत नाही.

इथपर्यंतचे सूत्र आपल्या टिपणासाठी असे धरा : रंगभूमी हा मुख्य व्यवसाय, चित्रपट त्याला जोडून, नायिकेची नव्हे तर जोडीदाराची भूमिका, तिच्याभोवती कथा रचणारा निर्माता नाही, आणि शेवटी संपूर्ण चित्रपटप्रकारालाच लागलेली ओहोटी.

आता मधल्या पस्तीस वर्षांबद्दल. ती आपण समजता तितकी रिकामी नाहीत. युद्धाच्या ऐन मध्यावर, १९४३ साली, बुकॅनन आणि एल्सी ‘इट्स टाइम टू डान्स’मध्ये पुन्हा एकत्र आली. १९५१ मध्ये ‘चिअर द ब्रेव्ह’ या छोट्या विनोदी चित्रपटात तिची मध्यवर्ती भूमिका आहे, आणि ती अनेक याद्यांतून निसटते, कारण हा चित्रपट कोणत्याही मोठ्या नावाशी जोडलेला नाही. बुकॅनन १९५३ मध्ये हॉलिवूडच्या ‘द बँड वॅगन’मध्ये फ्रेड अॅस्टेअरसमोर उभा राहिला आणि १९५७ मध्ये वारला. एल्सीने कामे सोडली नव्हती. १९७२ मध्ये हिचकॉक लंडनला परतून ‘फ्रेन्झी’ काढत होता. त्यात पोलीस मागे लागलेला नायक मैत्रिणीला घेऊन बेझवॉटरमधल्या हॉटेलात येतो आणि नोंदवहीत स्वतःचे नाव ऑस्कर वाइल्ड असे लिहितो. काउंटरमागची ग्लॅडिस म्हणजे एल्सी. १९३१ च्या जहाजावरच्या त्या प्रौढ कुमारिकेनंतर चाळीस वर्षांनी त्याच दिग्दर्शकाने तिला पुन्हा बोलावले. लोक या भूमिकेकडे उतरत्या काळातला तुकडा म्हणून पाहतात. मला त्यात एका दिग्दर्शकाची चांगली स्मरणशक्ती दिसते. १९८२ मध्ये एल्सीचे निधन झाले.

लेखाची बांधणी कशी करावी, याबद्दल माझ्या पद्धतीतले थोडे. चित्रपटसूची समोर ठेवून तिच्या क्रमाने लिहू नका. कागदावर तीन स्तंभ आखा : पहिल्यात रंगमंचावरच्या प्रयोगांचा काळ, दुसऱ्यात चित्रीकरणाचा, तिसऱ्यात प्रदर्शनाचा. दुसरा आणि तिसरा स्तंभ वेगळे ठेवणे फार आवश्यक आहे. १९२७ च्या कायद्याने चित्रपट न दाखवता आगाऊ विकण्यावर बंदी घातली होती, त्यामुळे प्रत्येक चित्रपटाचा आधी व्यावसायिकांपुढे ट्रेड शो होई आणि सर्वसामान्य थिएटरांत तो कित्येकदा काही महिन्यांनी लागे. म्हणूनच ‘रिच अँड स्ट्रेंज’चे साल कुठे १९३१ तर कुठे १९३२ दिसते. दोन्ही लेखक आपापल्या जागी बरोबर असतात, फक्त वेगवेगळ्या तारखा मोजत असतात. आपण कोणती तारीख वापरता ते सुरुवातीलाच ठरवा आणि लेखभर तीच पाळा.

साधनांमध्ये ‘किनेमॅटोग्राफ वीकली’ आणि ‘बायोस्कोप’ ही व्यावसायिक साप्ताहिके चित्रपटांसाठी, आणि ‘द स्टेज’ हे साप्ताहिक रंगभूमीसाठी. ‘पिक्चरगोअर’ आणि ‘फिल्म वीकली’ यांतल्या मुलाखती वाचायला गोड असतात. पण त्यांतला मजकूर पुष्कळदा प्रसिद्धी-विभागातून आलेला असतो, म्हणून वय, जन्मसाल किंवा ‘पहिली संधी कशी मिळाली’ यांसारख्या गोष्टी केवळ त्यांच्या भरवशावर लिहू नयेत. रंगमंचावरच्या संगीतिकांचे छापील कार्यक्रम व्हिक्टोरिया अँड आल्बर्ट संग्रहालयाच्या नाट्यसंग्रहात आणि ब्रिस्टल विद्यापीठातल्या मँडर अँड मिचेन्सन संग्रहात मोठ्या प्रमाणावर आहेत. त्यांत नावांचा क्रम आणि टाइपाचा आकार नीट पाहा. पोस्टरवर कुणाचे नाव बुकॅननच्या ओळीत आहे आणि कुणाचे त्याच्या खाली, यावरून त्या वर्षी एल्सीचे व्यवसायातले स्थान काय होते ते कोणत्याही मुलाखतीपेक्षा नेमके कळते.

आपला लेख किती लांब व्हायचा आणि कोण वाचणार, यावर पुढची निवड अवलंबून आहे. चित्रपटरसिकांसाठी लिहीत असाल, तर हिचकॉकच्या दोन भूमिका आणि १९३३ चे दोन बोलपट एवढ्यावर लेख उभा राहतो. रंगभूमीची आवड असणाऱ्या वाचकांसाठी लिहीत असाल, तर १९२६, १९२८, १९३१ आणि १९३६ या चार संगीतिका मध्ये घ्या आणि चित्रपट त्यांच्या अनुषंगाने सांगा. मी स्वतः दुसरी वाट धरली असती. लिहायला बसण्यापूर्वी ‘फॅन्सी अवर मीटिंग’ची या दोघांच्या आवाजातली जुनी ध्वनिमुद्रिका मिळवून ऐका, आणि मगच बोलपटातले नृत्य पुन्हा पाहा. पाहताना एकदा तरी बुकॅननवरून नजर काढून फक्त एल्सीच्या पावलांवर ठेवा, कारण पहिल्या पाहण्यात तो नजर सोडत नाही आणि तिचे काम तिथेच निसटते.